मातीचा तट, पाण्याचा पहारा

आग्र्याहून पश्चिमेला पंचावन्न-एक किलोमीटर गेले की भरतपूर लागते. तिथे ना डोंगर, ना कडा. सह्याद्रीतले गड पाहून वाढलेल्या माणसाला इथे किल्ला नेमका कुठे आहे असा प्रश्न पडावा, इतकी ती जमीन सपाट आहे. तरीही १८०५ च्या जानेवारी-फेब्रुवारीत लॉर्ड लेकच्या इंग्रज फौजेने या शहरावर चार वेळा सुलतानढवा केला आणि चारही वेळा ती तटाखाली मोडली. त्याआधीच्या दीड वर्षात याच फौजेने अलीगड, दिल्ली, आग्रा आणि डीग घेतले होते. भरतपूरपुढे मात्र तिची तीन हजारांहून अधिक माणसे ठार आणि जखमी झाली. त्यांत अधिकारीच शंभरावर होते.

एकवीस वर्षांनी, १८२६ च्या जानेवारीत, तेच शहर इंग्रजांनी घेतले. तट तोच होता, खंदक तोच होता आणि आत लढणारे लोकही त्याच जातकुळीचे होते. वेढा घालणाऱ्यांनी आपली रीत तेवढी बदलली होती. तटबंदीचे शहर कशाने टिकते आणि कशाने पडते, हे समजून घ्यायला यापेक्षा नेमके उदाहरण सापडणे अवघड आहे. लढाईच्या गोष्टी शौर्याच्या अंगाने सांगण्याची आपल्याला सवय आहे. भरतपुरात शौर्य दोन्ही वेळी आणि दोन्ही बाजूंना भरपूर होते, त्यामुळे निकालाचे कारण दुसरीकडे शोधावे लागते. ते तिथल्या मातीत, पाण्यात आणि किती दिवस खणत बसायची तयारी आहे या हिशोबात सापडते.

हे शहर सूरजमल जाटाने १७३० च्या दशकात बांधायला घेतले. जागा त्याने मुद्दाम सखल निवडली. बाणगंगा आणि रूपारेल या नद्यांचे पावसाळी पाणी जिथे पसरते, त्या खोलगट भागात बांध घालून पाणी अडवता येत होते आणि हवे तेव्हा हवे तिकडे सोडता येत होते. पक्ष्यांसाठी आज जगभर नाव असलेले केवलादेव राष्ट्रीय उद्यान याच पाण्याच्या व्यवस्थेचे अपत्य आहे. सूरजमलच्या काळातल्या अजान बांधाचे पाणी त्या खोलगटात उतरे आणि त्यातूनच तिथली तळी तयार झाली. शहराच्या वायव्येला मोतीझील नावाचा जलाशय होता आणि तिथून खंदकात पाणी घेण्याची सोय होती. वेढा पडला की बांध फोडायचा, म्हणजे कोरडा दिसणारा खंदक भरून वाहू लागे.

रचना दुहेरी होती. बाहेर सगळ्या शहराला वेढणारा, बुरुजाबुरुजांचा, मैलोगणती लांबीचा मातीचा कोट आणि त्याला लागून रुंद खंदक. आत लोहागढ हा बालेकिल्ला, त्याला स्वतंत्र तट आणि स्वतंत्र खंदक. बाहेरच्या कोटासाठी चिकणमाती भुसा-गवत मिसळून थरावर थर देत चोपून बसवली होती आणि मधूनमधून झाडांचे ओंडके घातले होते. माती तिथलीच, खंदक खणताना निघालेली. जितका खंदक खोल, तितका तट उंच.

जाटांच्या अशा कोटांशी मराठ्यांची ओळख इंग्रजांच्या फार आधीची, आणि ती दुःखाची आहे. १७५४ मध्ये रघुनाथराव, मल्हारराव होळकर आणि जयाप्पा शिंदे यांनी भरतपूर आणि डीगच्या मधल्या कुंभेरला वेढा घातला होता. मोर्चात असताना मल्हाररावांचा एकुलता एक मुलगा खंडेराव तोफेच्या गोळ्याने मारला गेला. ऐन विशीत वैधव्य आलेल्या अहिल्याबाईंना सती जाण्यापासून मल्हाररावांनी परावृत्त केले, ही पुढची कथा महाराष्ट्राला ठाऊक आहे. काही महिन्यांनी खंडणीचा करार करून वेढा उठवावा लागला, कुंभेर पडले नाही. सात वर्षांनी पानिपतावरून उपाशी, जखमी, उघडीवाघडी माणसे दक्षिणेची वाट धरून निघाली, तेव्हा याच सूरजमलने त्यांना अन्न, वस्त्र आणि आसरा दिला. बाजीराव-मस्तानीचा मुलगा समशेरबहाद्दर जखमी अवस्थेत तिकडेच पोचला आणि तिथेच मरण पावला. सूरजमलच्या या उपकाराची आठवण मराठी माणसाने पानिपताच्या आठवणीइतकीच जपायला हवी.

आता मातीच्या तटाचे मर्म. तोफा आल्या तेव्हा दगडी भिंत हा जगभर भक्कमपणाचा मापदंड होता आणि तोफांनी तोच आधी मोडला. लोखंडी गोळा दगडी तटावर आदळला की दगड फुटतो, सांधे सुटतात, तडा वर चढतो. अनुभवी गोलंदाज तटाच्या पायाकडच्या भागात एका आडव्या रेषेत गोळे टाकत, मग दोन्ही बाजूंना उभ्या रेषा कापत. मधला सगळा भाग आपल्याच वजनाने बाहेर कोसळे. या कोसळण्यात हल्लेखोराचा दुहेरी फायदा होता. तटाला खिंडार पडे आणि ढासळलेला दगडचुना खंदकात पडून वर चढायला उतार तयार होई. सैनिक धावत वर जाऊ शकतील असा उतार तयार झाला, की खिंडार कामाचे झाले असे अधिकारी म्हणत.

माती असे काही करत नाही. अठरा पौंडी तोफेचा आठ किलोचा गोळा तिच्यात घुसतो आणि तिथेच रुतून बसतो. तडा पुढे सरकत नाही. पृष्ठभागावरून थोडी माती घसरते, पण मागे पुन्हा मातीच असते. दिवसभराच्या माऱ्याने पडलेला खड्डा रात्री आतले लोक ओंडके रोवून, माती आणि पोती भरून बुजवतात. त्यांना ना गवंडी लागतो, ना चुना. तोफांच्या धाकाने सोळाव्या शतकात इटलीतल्या किल्लेकारांनीही उंच दगडी भिंती सोडून बुटक्या, जाड, मातीच्या भरावाच्या तटांकडे वळण घेतले. भरतपूरच्या जाटांनी हीच गोष्ट आपल्या जमिनीतून ओळखली होती. मराठवाड्यात आणि पश्चिम महाराष्ट्रात पांढरीच्या चिकणमातीच्या देशमुखी गढ्या ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांना या बांधकामाची जात लगेच कळेल.

तटाइतकेच महत्त्व बुरुजांना. बुरूज तटाच्या पुढे आलेला असतो तो दिमाखासाठी नाही. दोन बुरुजांमधल्या भिंतीला कोणी भिडला, तर दोन्ही बुरुजांवरून त्याच्या बगलेवर गोळीबार करता येतो. समोरून येणारी गोळी एका माणसाला लागते, बाजूने येणारी अख्ख्या रांगेतून जाते. म्हणून खिंडार पाडणे हे अर्धेच काम. शेजारच्या बुरुजांवरच्या तोफा आधी गप्प करणे हे दुसरे अर्धे, आणि ते केल्याशिवाय माणसे पुढे पाठवणे म्हणजे त्यांना मरणाच्या दारात लोटणे.

युरोपात हे शास्त्र फ्रान्सच्या व्होबाँने सतराव्या शतकातच पक्के बसवले होते. शहराला समांतर चर खणायचा, तिथून नागमोडी चरांनी पुढे सरकायचे, पुन्हा समांतर चर, असे करत खंदकाच्या काठाशी पोचायचे. तोफा टप्प्याटप्प्याने जवळ आणायच्या, बुरूज आधी निकामी करायचे, खिंडार अगदी जवळून पाडायचे. या पद्धतीत फावड्याचे काम बंदुकीपेक्षा जास्त असते. ती पद्धत लेकला माहीत नव्हती असे म्हणता येणार नाही. पण तो मनाने घोडदळाचा माणूस होता आणि घाई हेच त्याचे तोवरचे यशाचे साधन होते. सप्टेंबर १८०३ मध्ये अलीगडचा दरवाजा उडवून त्याची माणसे सकाळच्या काही तासांत आत शिरली होती. दक्षिणेत त्याच वर्षी आर्थर वेलस्लीने अहमदनगरची पेठ शिड्या लावून घेतली होती, डिसेंबरात गाविलगड घेतला होता. हिंदुस्थानातले किल्ले धडक दिली की पडतात, असा समज तयार व्हायला एवढे पुरेसे होते. १८०४ च्या डिसेंबरात डीगही असेच पडले.

डीग आणि भरतपूर लेकच्या वाटेत आले ते यशवंतराव होळकरांमुळे. १८०४ च्या उन्हाळ्यात शिंदे आणि नागपूरकर भोसले तह करून बसले असताना यशवंतराव एकटे इंग्रजांविरुद्ध उभे राहिले. पावसाळ्यात त्यांनी कर्नल मॉन्सनच्या फौजेला राजपुतान्यातून आग्र्यापर्यंत पिटाळले. ऑक्टोबरात दिल्लीला वेढा घातला, तो यशस्वी झाला नाही. नोव्हेंबरात डीगजवळ त्यांच्या पायदळाची इंग्रजांशी लढाई झाली आणि डीगच्या किल्ल्यावरून जाटांच्या तोफांनी इंग्रजांवर मारा केला. भरतपूरचा राजा रणजितसिंह याने वर्षभरापूर्वीच इंग्रजांशी तह केला होता. आता त्याने उघडपणे यशवंतरावांची बाजू घेतली आणि त्यांना आश्रय दिला. पानिपतानंतर मराठ्यांना आसरा देणाऱ्या घराण्याने दुसऱ्यांदा तेच केले, आणि या वेळी त्याची किंमत तोफेच्या तोंडी मोजावी लागणार हे ओळखून केले.

लेक २ जानेवारी १८०५ रोजी भरतपूरपुढे आला. त्याच्याजवळ तट फोडायच्या भारी तोफा म्हणाव्यात अशा सहाच होत्या, अठरा पौंडी. सोबत काही उखळ्या. कामाठी आणि सुरुंगवाले अगदी थोडे. मैलोगणती लांबीच्या मातीच्या कोटाविरुद्ध एवढे सामान घेऊन मोर्चे ७ तारखेला धडाडू लागले आणि ९ तारखेच्या संध्याकाळी खिंडार पुरेसे झाले असे ठरवून हल्ल्याचा हुकूम सुटला. म्हणजे मारा जेमतेम तीन दिवसांचा.

अंधारात, दलदलीच्या आणि खड्ड्याखळग्यांच्या जमिनीवरून तीन तुकड्या निघाल्या. वाट चुकली, तुकड्या एकमेकींत मिसळल्या. खंदकाशी पोचल्यावर कळले की पाणी छातीपर्यंत आहे. त्यातून पार झालेली थोडी माणसे खिंडाराखाली उभी राहिली, पण उतार इतका उभा होता की एका वेळी दोघा-तिघांनाच कसेबसे चढता येत होते, आणि बाजूच्या बुरुजावरून सगळा मारा त्यांच्यावरच येत होता. हल्ल्याचा म्होरक्या कर्नल मेटलंड तिथेच पडला. साडेचारशेच्या आसपास माणसे गारद झाली. उरलेले मागे फिरले, आणि खिंडाराखाली पडलेल्या जखमींपैकी अनेकांना कोणी उचलूही शकले नाही.

लेकने जागा बदलली. थोड्या अंतरावर नवे खिंडार पाडले आणि या वेळी खंदक मोजून मगच हल्ला करायचे ठरले. त्यासाठी एक धाडसी युक्ती केली गेली. देशी रिसाल्यातले तीन स्वार फितूर होऊन पळत असल्याचे सोंग घेऊन घोडे पिटाळत खंदकाकडे गेले, मागून त्यांच्यावर खोटा गोळीबार झाला. दरवाजा कुठे आहे म्हणून त्यांनी तटावरच्यांना ओरडून विचारले, तेवढ्यात खंदक आणि खिंडार नजरेखालून घातले आणि भरधाव परत आले. त्यांनी दिलेल्या अंदाजावरून वाहून नेता येतील असे पूल तयार केले गेले. २१ जानेवारीला सैनिक ते पूल खांद्यावर घेऊन खंदकाशी पोचले, तेव्हा पूल आखूड पडले. आतल्यांनी खंदकाला खालच्या अंगाला बांध घालून त्या भागात पाणी चढवले होते आणि पात्र रुंद झाले होते. त्या तीन स्वारांचे डोळे चुकले असे म्हणणे त्यांच्यावर अन्याय होईल. ज्या खंदकाचे पाणी शत्रूच्या हातात आहे, त्याचे माप आज एक आणि उद्या दुसरेच असते. काही जण पोहून पलीकडे गेले, पण मागून कुमक येणार कशी? पाचशेहून अधिक माणसे या दिवशी ठार-जखमी झाली.

मोतीझीलचे पाणी रोखायचे कोणाच्या मनात आले नाही, किंवा आले तरी ते करायला माणसे नव्हती. १८०५ च्या वेढ्यातली सगळ्यात मोठी चूक हीच म्हणावी लागेल. तोफा कमी असणे हे दुर्दैव होते, पण पाणी शत्रूच्या हाती राहू देणे ही हयगय होती.

दरम्यान तटाबाहेर दुसरेच युद्ध चालले होते. यशवंतराव आणि त्यांचे साथी अमीरखान व बापूजी शिंदे यांचे घोडदळ इंग्रजी छावणीच्या भोवती घिरट्या घालत होते. वेढा घालणाऱ्या फौजेलाही पोट असते. आग्रा आणि मथुरेकडून येणारे धान्य, बैल आणि दारूगोळा यांच्या तांड्यांवर छापे पडत होते, म्हणून प्रत्येक तांड्याबरोबर मोठे घोडदळ पाठवावे लागे. जानेवारीच्या अखेरीस अशाच एका तांड्यावर अमीरखान तुटून पडला. नंतर तो गंगेपार रोहिलखंडात उतरला आणि लेकला आपल्या घोडदळाचा मोठा भाग त्याच्या पाठलागावर धाडावा लागला. आत शहर, बाहेर इंग्रजांचा वेढा आणि त्याच्याही बाहेर मराठी घोडदळाचे कडे, अशी ती तिहेरी रचना होती. मराठी गनिमी काव्याची मैदानी रूपे शोधणाऱ्याने भरतपूरच्या आसपासचे हे दोन महिने नीट अभ्यासावेत.

फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात जनरल जोन्स मुंबईची फौज घेऊन येऊन मिळाला. त्या काळी मुंबई सैन्यातले शिपाई मोठ्या संख्येने कोकणातून भरती होत. म्हणजे तटाच्या बाहेर होळकरांच्या फौजेत मराठी बोलणारी माणसे होती आणि त्यांच्यासमोर कंपनीच्या पलटणींतही. लेकने आता चर खणून पुढे सरकण्याची पद्धत धरली, पण ती अर्धवटच.

२० फेब्रुवारीच्या सकाळी हल्ला व्हायच्या आतच जाटांनी बाहेर पडून चरांवर छापा घातला आणि तो मागे रेटण्यात इंग्रजांची बरीच ताकद खर्च झाली. मग हल्ल्याचा हुकूम झाला तेव्हा एक अघटित घडले. ७५ आणि ७६ क्रमांकांच्या गोऱ्या पलटणींतल्या सैनिकांनी पुढे जायला नकार दिला. खंदक भरलेला दिसत होता आणि चराखाली सुरुंग असल्याची भीती पसरली होती. याच ७६ व्या पलटणीने अलीगडला आणि लासवारीच्या लढाईत नाव कमावले होते, तेव्हा तिला भित्री म्हणणे खोटे ठरेल. दोन वेळा निष्फळ मरण पाहिलेल्या माणसांनी तिसऱ्यांदा आपला जीव मोलाचा मानला, एवढेच म्हणता येईल. त्याच वेळी १२ व्या देशी पलटणीचे शिपाई खंदक टाळून एका बुरुजाच्या अंगाने वर चढले आणि त्यांनी बुरुजावर निशाण रोवले. त्यांच्या पाठीशी कोणी गेले नाही. त्यांना खाली यावे लागले. सुमारे नऊशे माणसे या हल्ल्यात ठार-जखमी झाली.

दुसऱ्या दिवशी लेकने गोऱ्या पलटणींना उभे करून त्यांच्यापुढे भाषण केले. शरमेने आणि चिडीने सगळे स्वेच्छेने पुढे झाले, आणि त्याच दिवशी, २१ फेब्रुवारीला, मॉन्सनच्या हाताखाली चौथा हल्ला चढला. बुरुजाच्या उभ्या मातीत संगिनी खुपसून त्यांच्या पायऱ्या करत सैनिक चढू लागले. वरून ओंडके, दगड, तेलात भिजवून पेटवलेला कापूस आणि दारूची भांडी कोसळत होती. तोफांतून गोळ्यांऐवजी बारीक छर्रे सुटत होते. पहिल्या तुकडीचा म्होरक्या लेफ्टनंट टेम्पलटन वरपर्यंत पोचला आणि तिथेच मारला गेला. दोन तासांनी माघारीचा हुकूम झाला. जवळजवळ एक हजार माणसे पुन्हा गेली. शिस्तीच्या बाजूने पाहिले तर हा प्रसंग थक्क करणारा आहे. सेनापतीच्या बाजूने पाहिले तर आदल्या दिवशी न झालेली गोष्ट कोणतीही तयारी न बदलता दुसऱ्या दिवशी पुन्हा करायला लावणे हा गुन्हाच होता.

यानंतर लेकच्या तोफाही चालेनाशा झाल्या. सततच्या माऱ्याने त्यांचे कान, म्हणजे बत्ती द्यायची भोके, झिजून रुंदावली होती. दारूगोळा संपत आला होता. वेढा नावापुरता राहिला. पण रणजितसिंहाचीही दमछाक झाली होती. मुलूख उजाड झाला होता, डीग शत्रूकडे होते आणि यशवंतरावांच्या फौजेचा खर्च डोईजड होत होता. एप्रिलमध्ये तह झाला. राजाने वीस लाख रुपये द्यायचे आणि इंग्रजांच्या शत्रूंना थारा द्यायचा नाही असे ठरले. यशवंतराव तिथून निघाले. कागदावर इंग्रजांचेच पारडे जड दिसत होते, पण हिंदुस्थानाने त्या कागदापेक्षा खंदकात पडलेली प्रेते मोजली. भरतपुरात आजही फतेह बुरूज आहे, तो याच विजयाच्या स्मरणार्थ बांधलेला.

त्या आठवणीचा परिणाम दूरवर झाला. १८१४ मध्ये इंग्रजांशी युद्ध करावे की नाही यावर नेपाळच्या दरबारात खल चालला होता, तेव्हा भरतपूरचे उदाहरण बोलण्यात आले. माणसांनी बांधलेला कोट ज्यांना घेता आला नाही, ते देवाने घडवलेले डोंगर काय घेणार, असा त्या बोलण्याचा मथितार्थ होता. एका शहराच्या तटाने एका सत्तेच्या दबदब्याला पाडलेले हे खिंडार वीस वर्षे उघडे होते.

१८२५ मध्ये भरतपूरचा राजा बलदेवसिंह वारला. त्याचा मुलगा बलवंतसिंह अल्पवयीन होता आणि चुलतभाऊ दुर्जनसालने गादी बळकावली. दिल्लीचा म्हातारा रेसिडेंट ऑक्टरलोनी याने लगेच फौज जमवायला घेतली. पण ब्रह्मदेशातले युद्ध चालू असताना भर उन्हाळ्यात भरतपूरचा धोका पत्करायला गव्हर्नर जनरल अॅम्हर्स्ट तयार नव्हता. त्याने हुकूम फिरवला, ऑक्टरलोनीने राजीनामा दिला आणि थोड्याच दिवसांत तो मेरठला मरण पावला. त्याच्या जागी आलेल्या मेटकाफने अखेर कलकत्त्याच्या सरकारचे मन वळवले. यात बलवंतसिंहाच्या हक्काची काळजी किती आणि १८०५ चा डाग पुसायची निकड किती, याचा हिशोब मांडला तर दुसरे पारडे जड भरेल.

नवा सेनापती लॉर्ड कंबरमियर हाही घोडदळाचाच होता, पण त्याने स्पेन-पोर्तुगालातले युद्ध पाहिले होते आणि तिथे बादाहोससारख्या शहरांवर घाईच्या हल्ल्यांत काय रक्तपात होतो हे ब्रिटिश सैन्याला चांगले कळले होते. तो पंचवीस हजारांहून अधिक फौज आणि शंभराहून अधिक वेढ्याच्या तोफा-उखळ्या घेऊन डिसेंबर १८२५ मध्ये आला. लेकच्या सहा तोफांशेजारी हा आकडा ठेवला की तयारीतला फरक कळतो.

त्याचे पहिले काम मोतीझीलकडे होते. १० डिसेंबरला आघाडीची तुकडी थेट बांधावर जाऊन धडकली. आतल्यांनी बांध फोडलाच होता आणि पाणी शहराकडे धावत होते. इंग्रजांनी बांध ताब्यात घेतला आणि फुटलेली जागा बुजवली. खंदकात थोडे पाणी पोचले, पण बहुतेक भाग कोरडाच राहिला. एकही तोफ तटाकडे वळायच्या आधी भरतपूरचे अर्धे संरक्षण गेले होते. याच्या एकवीस वर्षे आधी एवढेच झाले असते, तर आखूड पूल घेऊन गेलेली माणसे कदाचित घरी परतली असती.

कंबरमियरने दुर्जनसालला बायका-मुलांना बाहेर सोडण्याविषयी पत्रे लिहिली. त्यातून काही निष्पन्न झाले नाही आणि शहरातली सामान्य माणसे उखळ्यांच्या माऱ्याखाली आतच राहिली. वेढ्यांच्या वर्णनांत तोफांची आणि पलटणींची नावे नोंदलेली असतात, पण या माणसांची नसतात.

डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात शहराच्या ईशान्येला पहिला समांतर चर खणला गेला. तोफा पुढे सरकल्या, मारा आठवडेच्या आठवडे चालला. आणि मातीने आपला गुण पुन्हा दाखवला. शंभर तोफांनीही सैनिकांना नीट चढता येईल असे खिंडार पडेना. बुरुजांचे कठडे उडाले, वरच्या तोफा गप्प झाल्या, पण तटाचा उभा चढ कायम राहिला. तेव्हा अभियंत्यांनी सांगितले की गोळा जे करू शकत नाही ते तटाच्या पोटात शिरूनच करावे लागेल. मातीची ताकद समोरून येणारा धक्का गिळण्यात आहे. तोच धक्का आतून, खालून दिला तर तिला गिळायला जागा राहत नाही, सगळा ढीगच्या ढीग वर उचलला जातो. खंदक कोरडा असल्यामुळेच हे शक्य होते, कारण पाण्याखालून सुरुंग नेणे जवळजवळ अशक्य असते. म्हणजे १० डिसेंबरच्या कामाचे फळ जानेवारीत मिळत होते.

पहिले काही सुरुंग अपुरे ठरले. मग ईशान्येच्या कोपऱ्यातल्या बुरुजाखाली दहा हजार पौंड, म्हणजे साडेचार टन, दारू ठासली गेली. १८ जानेवारी १८२६ रोजी सकाळी ती पेटवली. अख्खा कोपरा वर उचलला गेला आणि धूळ-धुराच्या ढगात शहर दिसेनासे झाले. वर गेलेली माती आणि लाकडे चरांत वाट पाहणाऱ्या सैनिकांवरही कोसळली. त्यांत काही जण ठार झाले आणि जवळच उभा असलेला कंबरमियर थोडक्यात वाचला. धूळ बसायच्या आत गोऱ्या, देशी आणि गुरखा पलटणी खिंडारांतून वर चढल्या. बचाव करणारे बुरुजाबुरुजावर लढले, कित्येक गोलंदाज आपल्या तोफांशेजारीच मेले. पण एकदा तटावर चढून दोन्ही बाजूंना पसरता आले की लांबलचक कोट हा बचावाचा नाही, हल्लेखोराचा रस्ता होतो. दुपारपर्यंत तट हाती आला आणि बालेकिल्ल्यानेही शरणागती पत्करली. दुर्जनसाल कुटुंबासह निसटू पाहत होता, त्याला बाहेर नेमलेल्या घोडदळाने पकडले. इंग्रजांचे त्या दिवसाचे ठार-जखमी सहाशेच्या आत होते. आतल्या मृतांची संख्या हजारांत होती.

बलवंतसिंहाला गादीवर बसवण्यात आले आणि त्याच वेळी त्याच्या नावाने घेतलेला खजिना लूट म्हणून सैन्यात वाटला गेला. एकूण रक्कम पन्नास लाखांच्या जवळ होती, एकट्या कंबरमियरच्या वाट्याला सहा लाख रुपये आले. ज्याच्या हक्कासाठी युद्ध केले त्याचाच खजिना रिकामा करण्याचा हा व्यवहार मेटकाफलाही रुचला नव्हता आणि त्याने तसे बोलून दाखवले. बाहेरच्या कोटाचे मोठे भाग आणि बुरूज सुरुंग लावून पाडण्यात आले. जिथे तोफा थकल्या होत्या तिथे पुन्हा सुरुंगच लागले.

भरतपूरचा युद्धसन्मान ज्या पलटणींना मिळाला तो १८२६ च्या वेढ्यासाठी. स्किनरच्या घोडदळाला आणि सिरमूरच्या गुरखा पलटणीला तो मिळाला. १८०५ चे चार सुलतानढवे कोणत्याही निशाणावर नोंदले गेले नाहीत. त्या फेब्रुवारीत बुरुजावर निशाण रोवून एकटे पडलेल्या १२ व्या पलटणीच्या शिपायांची नावेही कुठल्या सन्मानयादीत नाहीत.